रॉबर्टो क्लेमेंटे या बेसबॉलपटूला लोक आजही इतके का मानतात?

केवळ खेळामुळे नव्हे, हे आधी सांगायला हवे. प्वेर्तो रिको या स्पॅनिशभाषक कॅरिबियन बेटावरील कॅरोलिना येथे १९३४ साली जन्मलेले क्लेमेंटे १९५५ ते १९७२ अशी सलग अठरा वर्षे पिट्सबर्ग पायरेट्स या अमेरिकी संघाकडून खेळले आणि त्यांनी बरोबर ३,००० हिट्स (चेंडू टोलवून सुरक्षितपणे बेस गाठणे) नोंदवले. मैदानाच्या उजव्या बाजूला क्षेत्ररक्षण करताना त्यांनी केलेली चेंडूफेक तर पाहणाऱ्याचे भान हरपावे अशी असे. वृत्तपत्रे त्यांना 'बॉब' म्हणत, पण आपले नाव रॉबर्टोच आहे, असे ते ठामपणे सांगत. १९७१ ची वर्ल्ड सिरीज, म्हणजे अमेरिकी बेसबॉलचे विजेतेपद ठरवणारी मालिका, जिंकल्यावर दूरचित्रवाणीवर त्यांनी प्रथम स्पॅनिशमधून आईवडिलांचे आशीर्वाद मागितले. माझ्या मते त्यांचा खरा स्वभाव त्या क्षणी दिसतो.

डिसेंबर १९७२ मध्ये निकाराग्वातील मानाग्वा शहर भूकंपाने उद्ध्वस्त झाले. तेथे पाठवलेली मदत भ्रष्ट अधिकारी मधल्यामध्ये लाटत असल्याचे कळताच, आपण सोबत असलो तर ती गरजूंपर्यंत पोहोचेल, या विश्वासाने ते ३१ डिसेंबरला स्वतः मालवाहू विमानात बसले. क्षमतेपेक्षा जास्त सामान लादलेले ते विमान उड्डाणानंतर लगेचच समुद्रात कोसळले आणि त्यांचा मृतदेहही हाती लागला नाही. पाच वर्षांच्या प्रतीक्षेचा नियम बाजूला ठेवून १९७३ मध्ये त्यांना महान बेसबॉलपटूंचा गौरव करणाऱ्या हॉल ऑफ फेममध्ये स्थान देण्यात आले, आणि समाजसेवा करणाऱ्या खेळाडूला दरवर्षी दिला जाणारा पुरस्कार आज त्यांच्याच नावाने ओळखला जातो.