नऊ बायका, एक खोली आणि दाराची बेल

प्रश्न: ताई, आमच्या सोसायटीच्या महिला मंडळात यंदा हळदीकुंकवानंतर प्रोजेक्टरवर ‘देवी’ ही शॉर्ट फिल्म दाखवायचं चाललंय. काजोल आहे म्हणून बऱ्याचजणी खूश आहेत, पण दोघीतिघी म्हणतायत विषय जड आहे, नको. त्यात कामाला येणाऱ्या मावशींनाही बोलवायचं का यावरून ग्रुपवर वेगळंच पेटलंय. काय करू?
– एक वाचक, डोंबिवली

उत्तर: अगं, फिल्म जड आहेच, १३ मिनिटांचीच असली तरी. प्रियांका बॅनर्जीने केलेली, २०२० च्या मार्चमध्ये यूट्यूबवर आली. शेवट सांगतेय, कारण दाखवणारीला तो आधी माहीत हवा. एका खोलीत नऊजणी आहेत, वेगवेगळ्या वयाच्या, धर्माच्या, परिस्थितीच्या, सगळ्या बलात्काराला बळी पडून मेलेल्या. बेल वाजते, बाहेर अजून एक आलीय, आणि आत जागा नाही म्हणून ह्यांची भांडणं सुरू. कोणी राहायचं, कोणी जायचं, कोणाचं दुःख जास्त मोठं! दार उघडल्यावर आत येते ती एक लहान मुलगी.

मला ही फिल्म आवडते ती ह्या भांडणासाठीच, कारण बायकांची एकी म्हटलं की पडद्यावर लगेच गळ्यात गळे घातलेले दिसतात, इथे एकच भोगलेल्या बायकासुद्धा आधी एकमेकींना वेगळं काढायला बघतात आणि मग कुठे सांभाळून घेतात. संवाद थोडे भाषणासारखे होतात अधूनमधून, पण नीना कुळकर्णी, मुक्ता बर्वे अशा आपल्या बायका आहेत त्यात, ते सगळं निभावून नेतात.

तुमच्या ग्रुपवर पेटलंय ते तरी काय वेगळं आहे गं? आत कोणाला घ्यायचं हेच ना. आणि हळदीकुंकवालाच म्हणशील तर मंडळातल्या नवरा गेलेल्या बायकांना तुम्ही बोलावता का, ते पण एकदा विचार त्या दोघीतिघींना.

माझं मत, तिळगुळाच्या हातांनी लगेच ही फिल्म नको, वेगळा दिवस ठेव. लहान मुलींना बसवू नका, विषय काय आहे ते निमंत्रणातच लिही, म्हणजे जिला नको असेल ती येणार नाही, तिला कारण विचारत बसू नका. हलकी सुरुवात हवी तर आधी नीरज घेवानची ‘ज्यूस’ लाव, शेफाली शाहची, बाहेर पुरुषांच्या गप्पा आणि आत उकाड्यात स्वयंपाकघरातल्या बायका, ती सगळ्यांनाच ओळखीची वाटेल.

मावशींना बोलवच. पण वेळ त्यांना विचारून ठरव, संध्याकाळी सातला पोळ्या लाटायच्या सोडून त्या कशा येणार?