लाईट गेली की घरात इन्व्हर्टर असूनही फायबरचं नेट का जातं?

तुम्ही लिहिलंय की राजारामपुरीत राहता, घरून काम करता, लाईट गेली तरी इन्व्हर्टरवर राऊटरचे दिवे पेटलेले असतात आणि तरी नेट जातं. केबलवाल्याला फोन केला की ठरलेलं उत्तर, "इकडं लाईट नाही ओ." मग तुमचा प्रश्न असा की फायबरमधून तर प्रकाश जातो, त्याला वीज कशाला लागते?

मी कोल्हापुरात अकरा वर्षं फायबर जोडायचं काम करतो. त्याआधी तीन वर्षं एका वीज ठेकेदाराकडे हेल्पर होतो. त्यामुळे खांबावरची वीज आणि नेट दोन्ही हाताखालून गेलंय.

तुमची शंका रास्त आहे. काचेला वीज लागत नाहीच. फायबरचा ज्यातून प्रकाश जातो तो गाभा ९ मायक्रॉनचा असतो, त्याभोवतीचं काचेचं आवरण धरून १२५ मायक्रॉन. केबलवाल्याच्या यंत्रापासून तुमच्या घरापर्यंत प्रकाश येतो आणि वाटेत जो स्प्लिटर असतो, जो एका तंतूतला प्रकाश ८, १६ किंवा ३२ घरांना वाटतो, त्यातही नुसती काचच असते. ना वायर, ना अ‍ॅडॉप्टर. २०२१ च्या पुरानंतर शाहूपुरीत मी एक जॉइंट क्लोजर, म्हणजे फायबरचे जोड ठेवायची बंद डबी, उघडला होता. कितीतरी दिवस पाण्याखाली होता. रबराचं सील धरून राहिलेलं, आतला ट्रे कोरडा, आणि प्रकाश मोजायचा मीटर लावला तर प्रकाश पूर्वीइतकाच. त्याच गल्लीतल्या वीज लागणाऱ्या पेट्यांतली एकही वाचली नव्हती.

तर वीज लागते ती दोन टोकांना. तुमच्या घरातला ओएनयू, म्हणजे ज्यात ती हिरव्या टोपीची पिन जाते तो डबा, १२ व्होल्टवर चालतो. दुसऱ्या टोकाला केबलवाल्याच्या खोलीत ओएलटी असतं, म्हणजे घरोघरी प्रकाश पाठवणारं यंत्र. मोठ्या कंपन्यांकडे ते ४८ व्होल्टच्या बॅटऱ्यांवर असतं आणि मागं जनरेटर असतो. छोट्या ऑपरेटरकडे बहुतेक वेळा एक साधा यूपीएस. आणि आपल्याकडची खरी दुखरी जागा या दोन्हींच्या मधे आहे. बऱ्याच जुन्या लाईनींवर कुणाच्या तरी गच्चीवर, जिन्याखाली किंवा खांबावर लोखंडी पेटी असते. तिच्यात नेट पुढं वाटणारा स्विच आणि प्रकाशाचा विजेचा सिग्नल करणारा मीडिया कन्व्हर्टर, आणि त्या इमारतीच्याच मीटरवरून घेतलेली वीज. तुमची लाईट नसते तेव्हा बहुधा त्या पेटीचीही नसते, कारण दोघं एकाच डीपीवर, म्हणजे गल्लीला वीज देणाऱ्या ट्रान्सफॉर्मरवर. तुमच्या इन्व्हर्टरचा तिला काय उपयोग?

पेटीत बॅटरी असते की, असं ऑपरेटर सांगेल. असते. १२ व्होल्ट ७ अँपिअर-अवरची छोटी शिशाची बॅटरी. हिशेब करा: ८४ वॅट-अवर. पेटीतल्या सामानाला २० वॅट लागत असतील तर कागदावर चार तास, प्रत्यक्षात नवी असताना तीनेक. पण ती पेटी एप्रिल-मे महिन्यात गच्चीवर पत्र्यासारखी तापते आणि उष्णता शिशाच्या बॅटरीला खाऊन टाकते. दोन उन्हाळे काढलेली बॅटरी मी अर्ध्या तासात बसताना पाहिली आहे. बाहेरून ती अगदी ठीक दिसते, चार्जरवर १३ च्या वर व्होल्ट दाखवते, आणि लोड पडला की मान टाकते. म्हणून मी बसवलेल्या प्रत्येक बॅटरीवर मार्करनं महिना आणि साल लिहितो. हे सगळ्यांनीच करायला हवं असं माझं ठाम मत आहे. एवढ्याशा बॅटरीपायी पन्नास घरांची कामं अडतात याचा मला खरोखर त्रास होतो.

यातूनच तुम्हाला घरबसल्या दोष शोधता येतो. पुढच्या वेळी लाईट गेली की घड्याळ बघा. नेट त्याच क्षणी गेलं आणि दोन-तीन मिनिटांत परत आलं, तर दोष तुमच्याच घरात आहे: इन्व्हर्टर बॅटरीवर जाताना क्षणभर जो खंड पडतो त्यात ओएनयू रीस्टार्ट होतो. इन्व्हर्टरच्या मागं यूपीएस मोडचं बटण असेल तर ते चालू करा, खंड कमी होतो. त्यानंही भागलं नाही तर १२ व्होल्टचा मिनी यूपीएस घ्या, फक्त ओएनयूच्या अ‍ॅडॉप्टरवर लिहिलेले व्होल्ट आणि अँपिअर जुळवून. लगेच जाऊन लाईट येईपर्यंत आलंच नाही, तर पुढच्या पेटीत बॅटरीच नाही किंवा पार मेली आहे. आणि दरवेळी साधारण तेवढ्याच वेळानं, समजा वीस मिनिटांनी जात असेल, तर ती बॅटरी थकली आहे, यात मला शंका वाटत नाही.

ओएनयूवरचे दिवेही बघा. एलओएस नावाचा दिवा लाल लुकलुकतोय याचा अर्थ तुमच्या डब्यापर्यंत प्रकाशच पोचत नाही. वायर तुटली तरी हेच दिसतं आणि पलीकडचं ओएलटी बंद पडलं तरी हेच. शेजारच्याचाही लाल असेल आणि लाईट आल्यावर आपोआप गेला, तर वायर शाबूत आहे. पॉन नावाचा दिवा, जो ओएलटीशी जोडणी दाखवतो, हिरवा स्थिर आहे आणि तरी नेट नाही, तर ओएलटी जिवंत आहे, दोष त्याच्याही पुढं.

एक गोष्ट मला फार आवडते, ती सांगतो. चांगल्या ओएनयूची वीज जाते तेव्हा आतल्या कपॅसिटरमध्ये काही मिलिसेकंदांपुरती ताकद उरते. तेवढ्यात तो ओएलटीला शेवटचा निरोप पाठवतो की माझी वीज गेली. याला डाईंग गॅस्प म्हणतात. वायर तुटली तर हा निरोप येत नाही. म्हणजे ऑपरेटरनं स्क्रीनवर बघितलं तर तुमच्या घरची लाईट गेली की फायबर तुटलं हे त्याला जागेवरून हलायच्या आधी कळतं. त्याला तसं विचारा. ज्याला ठाऊक आहे तो सरळ उत्तर देईल.

जाता जाता जादा व्होल्टबद्दल. डीपीपासून गल्लीत येणारा सगळ्यांचा सामायिक न्यूट्रल तुटला तर २३० ऐवजी ४०० च्या जवळपास व्होल्ट घरात शिरू शकतात. आमच्या एका गल्लीत एका संध्याकाळी अकरा अ‍ॅडॉप्टर जळाले, फायबरला मात्र काही झालं नाही. पूर्वी गच्चीवरून गच्चीवर लॅनची तांब्याची केबल ओढायचो तेव्हा एक वीज कडाडली की घरोघरचे पोर्ट जायचे. काचेनं तो ताप संपवला.

पण बाहेर लोंबणारी फायबर निर्धोक समजू नका. बऱ्याच ड्रॉप केबलमध्ये, म्हणजे खांबावरून घरात येणाऱ्या शेवटच्या केबलमध्ये, आधाराला स्टीलची तार असते. गेल्या मे महिन्यात वळवाच्या पावसात रुईकर कॉलनीकडं गुलमोहराची फांदी पडली, विजेची तार आणि आमची केबल एकात एक गुंतून रस्त्यावर. एक गृहस्थ "नेटचीच वायर आहे" म्हणून ती उचलायला वाकले होते. मी ओरडून थांबवलं. वायरमननं डीपीचे फ्यूज काढले, तार तपासून हात वर केला, मगच मी पुढं गेलो. नंतर रिक्षाच्या मागच्या सीटवर स्प्लायसर, म्हणजे काच वितळवून जोडायचं यंत्र, ठेवून जोड मारला. तंतू सोलला, अल्कोहोलनं पुसला, क्लीव्हरनं काटकोनात कापला, दोन टोकं समोरासमोर आली, ठिणगी पडली आणि स्क्रीनवर ०.०२ डीबी आलं, म्हणजे जोडात प्रकाश जवळजवळ वाया जात नाही. त्या काळोखात चोवीस घरांचे दिवे लाल होते. जोड झाला तरी पाऊण तास ते लालच राहिले, कारण कोपऱ्यावरच्या ओएलटीच्या खोलीतला यूपीएस तोवर बंद पडला होता.

तुम्ही दोन-तीन वेळच्या नोंदी ठेवा: लाईट किती वाजता गेली, नेट किती वाजता गेलं, कुठला दिवा कसा होता. त्या घेऊन ऑपरेटरकडं जा आणि तुमच्या लाईनवरच्या पेटीतली बॅटरी कधी बदलली ते विचारा. नोंदी इथं लिहिल्यात तर मीही बघून सांगेन.