महेश्वरजवळच्या शेतात सापडलेली रंगीत खापरं इंदूरला घरी आणून ठेवावीत का?

नाही, आणू नका; जिथे दिसली तिथेच राहू द्या. आकार कळावा म्हणून शेजारी पेन ठेवून फोटो काढा, मोबाइलवर जागेची नोंद घ्या आणि इंदूरच्या केंद्रीय संग्रहालयात जाऊन दाखवा. महेश्वरच्या समोर, नर्मदेपलीकडे नावडातोली आहे. तिथे १९५२-५३ आणि १९५७-५९ मध्ये पुण्याचं डेक्कन कॉलेज आणि बडोद्याचं सयाजीराव विद्यापीठ यांनी उत्खनन केलं, आणि साडेतीन हजार वर्षांपूर्वीची शेतकऱ्यांची वस्ती उजेडात आली. तांबूस किंवा पिवळसर भांड्यावर काळ्या रंगाची नक्षी, ही तिथल्या माळवा खापरांची खूण. अशा तुकड्याचा काळ ठरतो तो मातीच्या कुठल्या थरात, कशाच्या सोबतीने सापडला यावरून. दिवाणखान्यातल्या कपाटात तो नुसता सुंदर दिसतो, सांगत काहीच नाही. नांगरटीने वर आलेल्या खापरांचा थर मोडलेला असतो हे खरं, तरी ती कुठून कुठपर्यंत पसरली आहेत यावरून जुन्या वस्तीचा अंदाज लागतो, म्हणून एका जागी गोळा करून ढीगही घालू नका. मात्र जमिनीत पुरलेली नाणी किंवा दागिने मिळाले तर गोष्ट वेगळी: १८७८ च्या निखात निधी (म्हणजे पुरलेलं धन) कायद्याप्रमाणे जिल्हाधिकाऱ्यांना कळवावंच लागतं.