जुना मित्र ऑफिसातली साधीशी माहिती मागतोय. दिली तर ती हेरगिरी होते का?

तुमचा प्रश्न दोनदा वाचला. कॉलेजातला जुना प्रियकर 11 वर्षांनी परत बोलू लागला, दुबईत एका सल्लागार कंपनीत आहे म्हणतो. आधी त्यानं कारखान्याच्या सुट्ट्यांची यादी मागितली, मग विभागांचे फोन नंबर, आणि आता जावक रजिस्टरच्या दोन पानांचे फोटो हवे आहेत. मध्ये तुमच्या आईच्या औषधांसाठी म्हणून त्यानं 5,000 रुपयेही पाठवले. तुम्ही संरक्षण खात्याच्या कारखान्यात कारकून आहात आणि विचारताय, यात गुपित ते काय, आणि त्याचं प्रेम खरं असेल का?

मी अशाच एका कारखान्यात 31 वर्षं दप्तर सांभाळून निवृत्त झाले, म्हणून आधी रजिस्टरबद्दल सांगते. त्याच्या एका ओळीत काय असतं? तारीख, मालाचं नाव किंवा नुसता नंबर, किती नग, कुठल्या डेपोला, ट्रकचा नंबर, सही. रोज लिहून लिहून त्या ओळी आपल्या डोळ्यांना दिसेनाशा होतात. पण दोन महिन्यांची पानं शेजारीशेजारी ठेवा. कुठला माल वाढला, कुठला थांबला, कुठल्या डेपोकडे एकदम गाड्या जायला लागल्या, हे शाळकरी पोरही सांगेल. सुट्ट्यांच्या यादीचं त्याला फारसं काम नसावं. मागितलं की तुम्ही देता का, एवढं त्यानं त्यात पाहून घेतलं, असं मला वाटतं.

आता एका बाईची गोष्ट सांगते. इंग्लंडच्या दक्षिण किनाऱ्यावर पोर्टलंड नावाचं ठिकाण आहे. तिथं ब्रिटिश नौदलाचं पाण्याखालच्या शस्त्रांचं संशोधन केंद्र होतं. एथेल जी नावाची बाई तिथं नकाशे आणि चाचण्यांच्या कागदपत्रांच्या दप्तरात काम करायची. चाळिशी उलटलेली, लग्न न झालेली, घरात म्हातारी आई, मामा-मावशी अशी वयस्कर माणसं. तिच्या आयुष्यात हॅरी हॉटन आला. तोही तिथलाच कारकून, पूर्वी नौदलात होता आणि पुढे पोलंडमधल्या वॉर्सातल्या ब्रिटिश दूतावासात नोकरी करून आलेला. तिथंच तो फितला होता, हे तिला कुठून कळणार? हॉटनच्या पहिल्या बायकोनं, नवरा कागद घरी आणतो, असं वरिष्ठांच्या कानावर घातलं होतं. बाईचा राग बोलतोय, म्हणून कुणी लक्ष दिलं नाही. मला या सगळ्या प्रकरणात त्या बायकोबद्दल सर्वांत जास्त वाईट वाटतं.

हॉटननं एथेलची एका माणसाशी ओळख करून दिली. हा ॲलेक्स जॉन्सन, अमेरिकन नौदलातला अधिकारी, म्हणजे ब्रिटनच्याच मित्रदेशाचा माणूस, असं सांगितलं. प्रत्यक्षात तो कोनोन मोलोदी नावाचा रशियन हेर होता आणि लंडनमध्ये गॉर्डन लॉन्सडेल या नावानं राहत होता. एथेलनं कधी तिजोरी फोडली नाही की कुलूप तोडलं नाही. शुक्रवारी चाचण्यांच्या पुस्तिका पिशवीत घालून घरी न्यायच्या, हॉटननं त्यांचे फोटो काढायचे, सोमवारी त्या परत जागेवर. 7 जानेवारी 1961 ला लंडनमध्ये वॉटर्लू रोडवर तिघांना पकडलं, तेव्हाही कागद तिच्या बाजाराच्या पिशवीतच होते. आपण काही चुकीचं केलं नाही, असं तिनं पोलिसांना सांगितलं. मला वाटतं, त्या क्षणी तिला ते खरंच वाटत असावं.

ती पिशवी माझ्या डोळ्यांपुढून हलत नाही, कारण मीही एकदा असं केलंय. वर्षअखेरीचा ताळा लागत नव्हता, म्हणून शनिवारी एक रजिस्टर डब्याच्या पिशवीत घालून घरी आणलं. गेटवरच्या शिपायानं नेहमीप्रमाणे वरचा डबा पाहिला आणि "या ताई" म्हणाला. रविवारभर ते रजिस्टर ओट्याशेजारी पोळ्यांच्या डब्याखाली होतं. सोमवारी परत ठेवलं, कुणाला कळलंही नाही. त्या दिवसांत माझ्या ओळखीच्या, मायेच्या कुणी "जरा बघू दे" म्हटलं असतं, तर मी पान उघडून दाखवलं असतं. हे मी आजवर कुणाला सांगितलं नव्हतं.

परक्या माणसानं मागितलं की आपण सावध होतो. जुन्या प्रेमाला तो उंबरा ओलांडावा लागत नाही. तुम्हाला घरी काय म्हणतात, आईला काय त्रास आहे, कशानं रडू येतं, हे त्याला आधीच ठाऊक असतं. आणि एक गोष्ट तपासा, तो खरंच तोच आहे ना? परत बोलू लागल्यापासून फक्त मेसेज आले असतील आणि एकदाही व्हिडिओवर नीट समोर आला नसेल, तर त्याच्या जुन्या फोटोआड दुसरंच कुणी बसलेलं असू शकतं. मे 2023 मध्ये पुण्यात डीआरडीओ या संरक्षण संशोधन संस्थेच्या एका प्रयोगशाळेच्या संचालकांनाच एटीएसनं, म्हणजे दहशतवादविरोधी पथकानं, अटक केली. ऑनलाइन ओळख झालेल्या बाईला माहिती दिल्याचा आरोप होता. एवढ्या वरच्या खुर्चीवरच्या माणसावर ही वेळ येते, तर तुम्हाला एवढ्यात कुणी मूर्ख म्हणू नये.

कायद्याचं म्हणाल तर आपला शासकीय गुपिते अधिनियम 1923 चा, इंग्रजांनी त्यांच्या देशातल्या कायद्याच्या धर्तीवर इथं केलेला. त्याच्या कलम 3 खाली संरक्षण आस्थापनांशी संबंधित गुन्ह्याला 14 वर्षांपर्यंत कैद होऊ शकते. कागदावर 'गोपनीय' शिक्का नव्हता, एवढ्या सबबीवर सुटका होईल असं धरून चालू नका. एथेलला आणि हॉटनला 15-15 वर्षांची शिक्षा झाली. प्रेमात आंधळी झाले, ही तिची बाजू न्यायाधीशांनी मानली नाही, पैशाची हाव होती असं ठरवलं. तुमच्या खात्यात ते 5,000 रुपये आहेत, त्यांच्याकडेही असंच बघितलं जाईल.

आणि तुमचा दुसरा प्रश्न, प्रेम खरं असेल का. असूही शकेल. एथेल आणि हॉटन 1970 मध्ये सुटले आणि पुढच्या वर्षी त्यांनी लग्न केलं. म्हणजे त्या दोघांत काहीतरी खरं होतं. तरी तिची 9 वर्षं गेलीच.

आता काय करायचं ते. फोटो पाठवले नसतील तर पाठवू नका, आणि त्याला जाबही विचारू नका. चॅट पुसू नका, पुसलंत तर तुमच्याच बाजूचा पुरावा जाईल. पैसे आले त्या दिवसाचं बँकेचं स्टेटमेंट काढा. त्यानं कधी काय मागितलं आणि तुम्ही काय दिलं, हे तारखेसकट एका कागदावर लिहा, लाज वाटली तरी यादी आणि फोन नंबर त्यात लिहाच. आधी एखाद्या वकिलांना दाखवा, एका दिवसाचं काम आहे. मग थेट तुमच्या सुरक्षा अधिकाऱ्यांकडे जा. सेक्शनमध्ये कुणाला सांगत बसू नका, आमच्याकडे तरी अशी बातमी जेवणाच्या सुट्टीपर्यंत तीन इमारती फिरून यायची. अर्जाच्या दोन प्रती न्या आणि दुसरीवर तारीख घालून पोहोच घ्या. आवक-जावक तुम्हीच बघता, पोहोच का घ्यायची ते तुम्हाला वेगळं सांगायला नको.