चतुर्थीला माफी मागू का?

प्रश्न : देवगडजवळ आमचं मूळ घर. धाकटा भाऊ गावी, मी मुंबईत. सहा वर्षांपूर्वी आंब्याच्या सामायिक कलमांचा करार मी त्याला न विचारता व्यापाऱ्याशी केला, तेव्हापासून अबोला. यंदा गणपतीत सगळ्यांसमोर माफी मागू का?

उत्तर : सगळ्यांसमोर नको, आणि चतुर्थीला तर नकोच. गणपतीवर फळा-फुलांची माटवी बांधायची घाई, घर माणसांनी भरलेलं. त्यात गाऱ्हाण्याला, म्हणजे देवापुढच्या सामूहिक मागण्याला, उभ्या भाऊबंदांपुढे तुम्ही हात जोडलेत तर त्याला 'नाही' म्हणायची सोयच उरत नाही. तो मान हलवील आणि विसर्जन झालं की पुन्हा गप्प.

श्रावणात फोन करून एकटे जा. मध्यस्थ लागलाच तर मामा बरा. चुलतभाऊ नको, सातबाऱ्यावर बहुधा त्याचंही नाव असतं! ओटीवर बसून एवढंच म्हणा : "मोहरावर फवारण्या तू केल्यास, वांदर तू राखलेस आणि करार मी केला, तुला न विचारता. चुकलो." इथे थांबा. 'पण तूसुद्धा' आलं की माफीचं भांडण होतं. सहा वर्षांचं साचलेलं तो बोलेल, मध्ये तोंड घालू नका. हक्कसोडपत्राचं तर नावच काढू नका. भरात सही होते, नोंदणी झाली की सहज मागे घेता येत नाही, आणि तिथूनच पुढचा अबोला सुरू होतो.

जमिनीची बैठक वेगळी, पंधरा दिवसांनी. ताजा सातबारा, आठ-अ (खात्याचा उतारा) आणि त्या हंगामांची वही घ्या : फवारणी, राखण, पेट्या, दलाली. बहिणींनाही बोलवा. हिंदू उत्तराधिकार कायद्याच्या 2005 च्या दुरुस्तीनंतर वडिलोपार्जित मिळकतीत मुलींचा हक्क मुलांइतकाच आहे. त्यांना डावलून केलेलं वाटप पुढे कोर्टात अडकतं. सगळे राजी असतील तर जमीन महसूल संहितेच्या कलम 85 खाली तहसीलदारांकडे वाटपाचा अर्ज करा. नसतील तर दाव्याआधीच तालुका विधी सेवा समितीकडे जाता येतं. तिच्या लोकअदालतीतल्या तडजोडीला दिवाणी हुकूमनाम्याचं बळ असतं, त्यावर अपील नाही. तेव्हा सहीपूर्वी गट नंबर आणि क्षेत्र दोनदा वाचा.

प्रश्न : जावेला माफीचं पत्र लिहिलं. महिना झाला, उत्तर नाही.

उत्तर : दुसरं पत्र लगेच लिहू नका, तो तगादा वाटतो. गौरीच्या ओवशाचं (सुवासिनींनी गौरीपुढे सुपं ओवसायचं) बोलावणं मात्र दरवर्षीसारखं पाठवा. आली तर पत्राचा विषय तुम्ही काढू नका.