चारचौघांतला नकार

चि. ईरास,
अनेक आशीर्वाद.

मंगळवारी तू शेजारी अभ्यास करत बसली होतीस आणि पुण्याच्या टीमबरोबरचा माझा कॉल तुझ्या कानावर पडला. नंतर तू विचारलंस, "ते काका 'हो, प्रयत्न करतो' म्हणाले. मग तू तुझ्या साहेबांना 'शुक्रवारी होणार नाही' असं का सांगितलंस? आणि काकांना सरळ 'नाही' का म्हणता येत नाही? मराठी माणसं असंच बोलतात का? हा खोटेपणा नाही का?" जेवताना मी दोन वाक्यांत उत्तर दिलं, पण तुझ्या प्रश्नाला ते पुरेसं नव्हतं. म्हणून हे पत्र.

आधी कॉलवर काय घडलं ते बघू. ब्रेकच्या सॉफ्टवेअरच्या चाचण्यांचा अहवाल शुक्रवारपर्यंत मिळेल का, एवढंच मी विचारलं होतं. काकांनी लगेच उत्तर दिलं नाही. आधी म्हणाले, टेस्ट बेंच (चाचण्या घ्यायची यंत्रणा) एकच आहे आणि ती सध्या दुसऱ्या प्रोजेक्टकडे आहे. मग म्हणाले, गणपतीसाठी दोघंजण कोकणात गेलेत. मग जरा थांबून, "हो, प्रयत्न करतो." मराठी कानाला इथे उत्तर मिळालेलं असतं. कारणं आधी आली, होकार मागून आला आणि त्या होकाराबरोबर तारीख आलीच नाही. ज्याला काम होणार याची खात्री असते तो कारणं सांगत बसत नाही. "गुरुवारी संध्याकाळी पाठवतो" म्हणतो आणि पुढच्या विषयाकडे वळतो.

कॉल संपल्यावर मी काकांना वेगळा फोन केला, तो तू ऐकला नाहीस. तिथे ते एका दमात म्हणाले, "अहो, बुधवारच्या आत शक्य नाही. बेंच सोमवारी मोकळी होते, पुढे दोन दिवस चाचण्यांना लागतात." याहून सरळ काय बोलायचं? फरक इतकाच की कॉलवर त्यांच्या हाताखालची मुलं होती, त्यांचे वरिष्ठ होते, आमचे जर्मन साहेब होते. चारचौघांत नकार द्यायचा म्हणजे कुणाचा तरी नाइलाज किंवा कुणाची तरी ढिलाई उघड्यावर मांडायची. ते आपल्याकडे टाळतात. नकार देतात, पण बाजूला घेऊन देतात. साहेबांना मी तेच सांगितलं, फक्त क्रम उलटा केला. आधी "बुधवारी संध्याकाळी", मग कारण. माहिती तीच, वाक्यांची जागा बदलली.

आता खोटेपणाचं. ऐकणाऱ्याची चुकीची समजूत व्हावी अशी बोलणाऱ्याची इच्छा असेल तर ते खोटं. काकांना वाटत होतं की मला कळावं, आणि मला कळलं. साहेबांना मात्र कळलं नाही. त्यांनी वहीत "शुक्रवार" लिहून ठेवला होता. दोघेही प्रामाणिक होते आणि तरीही गोंधळ उभा राहिला असता. अशा वेळी दोन्हीकडची रीत ज्याला माहीत असते, त्याच्यावर जबाबदारी येते. ती जबाबदारी मी माझ्या कामाचाच भाग मानते, आणि उद्या ती तुझ्याकडेही येणार आहे.

ही आधी नातं, मग काम अशी मांडणी आपल्याकडे कुठून आली, याचं एक उत्तर आजोबांच्या ट्रंकेतल्या पत्रांत मिळेल. वडिलांना लिहायचं तर "तीर्थरूप बाबांस शि. सा. न. वि. वि.", म्हणजे शिरसाष्टांग नमस्कार विनंती विशेष. बरोबरीच्याला "स. न. वि. वि.", म्हणजे सप्रेम नमस्कार विनंती विशेष. तुला वरती मी "चि." लिहिलं, म्हणजे चिरंजीव. याला मायना म्हणतात. समोरचा आपला कोण लागतो हे त्या ओळीत आधी पक्कं व्हायचं. मग "इकडील सर्व क्षेम", मग पाऊसपाणी, पिकं, कुणाचं लग्न ठरलं ते. शेवटी "कळावे, लोभ असावा" आणि सही. आणि कित्येकदा खरा मुद्दा, म्हणजे पैसे पाठवा किंवा आजीला बरं नाही, सहीच्या खाली "ता. क." म्हणून यायचा. वाचणाऱ्यांना हे ठाऊक असे. ते शेवटची ओळ आधी वाचत.

जर्मन लोकांना नात्याची पर्वा नसते असं मात्र समजू नकोस. 'झी'वरून (म्हणजे 'तुम्ही') 'दू'वर (म्हणजे 'तू') यायला इथे जर्मनीत काही जणांना वर्षं लागतात, आणि डॉक्टरेट असलेल्या माणसाच्या नावाआधीचं 'डॉक्टर' पत्रातून गळलं तर ते लक्षात येतं. ॲरिस्टॉटलने सांगितलं होतं की ऐकणारा तीन गोष्टींनी पटतो: बोलणाऱ्याची विश्वासार्हता, ऐकणाऱ्याच्या मनातली भावना आणि मुद्द्यातला युक्तिवाद. या तिन्ही गोष्टी दोन्हीकडे लागतात. इथे विश्वासार्हता पदवीतून आणि केलेल्या कामातून गृहीत धरतात, म्हणून थेट युक्तिवादावर येता येतं. पुण्यात ती आधी बोलण्यातून उभी करावी लागते. कॉलच्या सुरुवातीला मी काकांच्या मुलीच्या दहावीची चौकशी केली, ती वेळ घालवायला नव्हती.

या विषयावर वाचायला लागलीस की एक प्रसिद्ध आकृती तुला भेटेल. रॉबर्ट कॅप्लन नावाच्या अमेरिकन भाषाशास्त्रज्ञाने 1966 साली परदेशी विद्यार्थ्यांचे इंग्रजी निबंध तपासून ती काढली होती. इंग्रजी विचाराची सरळ रेघ, पूर्वेकडच्या विचाराचं आत आत जाणारं वर्तुळ. पुढे तिच्यावर पुष्कळ टीका झाली आणि त्याने स्वतःही आपला दावा सौम्य केला. मला ती आकृती मुळीच मान्य नाही, आणि याचं कारण मराठीतच आहे. गेल्या उन्हाळ्यात आजोबांबरोबर तू नारदीय कीर्तन ऐकलंस ना? बुवांनी आधी काय केलं आठव. नमन झाल्यावर संताचं एक पद घेतलं आणि सांगायचं ते पहिल्यांदाच सर्वांसमोर ठेवलं. मग पूर्वरंगात त्या पदाचं निरूपण, शंका काढून तिचं उत्तर, शास्त्राचे दाखले. त्यानंतर उत्तररंगात तोच विचार आख्यानातून, गोष्टीच्या रूपाने. आणि शेवटी पुन्हा त्या पदावर. निबंधाची सरळ बांधणी म्हणून तुम्हाला शाळेत जे शिकवतात, ते हेच. फक्त यात झांज, पेटी, तबला आहेत आणि मन जिंकायला आख्यान आहे.

सरळ बोलण्याचं तर विचारूच नकोस. 1897 साली पुण्यात प्लेगच्या बंदोबस्ताच्या नावाखाली लोकांचा छळ झाला, त्या बंदोबस्ताचा ब्रिटिश अधिकारी रँड याचा वध झाला आणि सरकारने सगळ्या शहरावर दात धरला, तेव्हा टिळकांनी 'केसरी'त अग्रलेख लिहिला. मथळा होता: "सरकारचे डोके ठिकाणावर आहे काय?" परक्या सत्तेला विचारलेला हा प्रश्न आहे, मायना नाही की पाऊसपाणी नाही. आडवळणाने बोलणारी आणि तोंडावर बोलणारी मराठी एकच आहे. समोर कोण आहे आणि काय पणाला लागलंय, यावर ती कुठली वाट घेते ते ठरतं.

आणि काय पणाला लागलंय हे ओळखणं, हा यातला सगळ्यात गंभीर भाग. 25 जानेवारी 1990 च्या रात्री कोलंबियाच्या आव्हियांका कंपनीचं बोइंग 707 न्यूयॉर्कला येत होतं. खराब हवेमुळे त्याला एक तासाहून जास्त वेळ घिरट्या घालायला लावलं. वैमानिकांनी उतरायला प्राधान्य मागितलं, पण 'आणीबाणी' हा शब्द उच्चारला नाही. पहिला प्रयत्न फसून विमान पुन्हा वर गेलं, तेव्हा सहवैमानिकाने नियंत्रकाची सूचना नियमाप्रमाणे परत म्हणून दाखवली आणि तिच्या शेपटाला, नम्रपणे, इंधन संपत आल्याचं जोडलं. नियंत्रकाला ती नेहमीचीच पोच वाटली. थोड्या वेळाने चारही इंजिनं बंद पडली आणि विमान लाँग आयलंडवर कोव्ह नेकला कोसळलं. 158 पैकी 73 माणसं गेली. चौकशीत इंधनाच्या नियोजनाबरोबर हेही नोंदलं गेलं की आणीबाणीची परिस्थिती नियंत्रकाला कळवलीच गेली नाही, आणि अशा वेळेसाठी सर्वांना सारखी समजेल अशी ठरलेली शब्दयोजनाही नव्हती. जगायला लागणारी बातमी त्या रात्री ता. क. मध्ये गेली होती, आणि ता. क. आधी वाचायचा असतो हे पलीकडच्या माणसाला माहीत नव्हतं.

म्हणून माझ्या कामात मी एक रेघ ठरवली आहे, आणि पुण्याच्या टीमलाही ती माहीत आहे. तारीख पुढे जाणार असेल तर कॉलवर आडून बोललं तरी चालेल, मी नंतर फोन करून नीट विचारून घेईन. पण ब्रेकच्या चाचणीत काही बिघडलेलं दिसलं, तर ते पहिल्या वाक्यात, सगळ्यांसमोर, वरिष्ठ बसलेले असले तरी. काकांनी हे एकदा केलंही आहे. आवाज चढवला नाही, कुणाचं नाव घेतलं नाही, पण पहिलंच वाक्य होतं, "ही आवृत्ती गाडीत घालू नका." त्या दिवशी त्यांच्याबद्दलचा माझा आदर फार वाढला.

आता तुझं प्राक्टिकुमचं, म्हणजे शाळेतून करायच्या कामाच्या अनुभवासाठीचं, पत्र. मसुदा वाचला. आपली, शाळेची आणि छंदांची ओळख छान आहे, पण कुठल्या दोन आठवड्यांसाठी जागा हवी ते तिसऱ्या परिच्छेदात येतं. ते पहिल्या वाक्यात घे, तारखांसह. त्याच कार्यशाळेत का यायचंय, ते दुसऱ्यात. छंद राहू देत, शेवटी. मात्र पहिल्या दिवशी तिथे गेलीस की लेथवर काम करणाऱ्या आजोबांना त्यांच्या कामाबद्दल आधी विचार, मग तुझं काय ते सांग. रविवारी दोघी मिळून पत्र पक्कं करू.

तुझी,
आई