बीएस-६ पिकअपला घाटासाठी बाहेरचा ट्यूनर बसवला तर ओढ आणि मायलेज वाढेल का?

ट्यूनर म्हणजे इंजिनाला जास्त डिझेल मिळावे म्हणून बाहेरून जोडायचा छोटा इलेक्ट्रॉनिक डबा. त्याने ओढ नक्की वाढते. ज्यांनी ट्यूनर जोडून भरलेली गाडी कधी चढावर नेलेली नाही, तेच लोक हे सगळे फसवे असल्याचे ठामपणे सांगतात. माझ्या घरातही मला अनेक वर्षे हेच ऐकावे लागल्यामुळे सविस्तर लिहितो.

आमची सव्वा टन माल नेणारी बीएस-४ (म्हणजे बीएस-६ च्या आधीच्या प्रदूषण निकषांची) कॉमन रेल पिकअप होती; कॉमन रेल म्हणजे सगळ्या इंजेक्टरना जास्त दाबाने डिझेल पुरवणारी एकच नळी. हंगामात रत्नागिरीहून हापूसच्या पेट्या भरायच्या आणि पाली, साखरपा, आंबा घाट या मार्गाने रातोरात कोल्हापूरला पोहोचवायच्या, हा आमचा धंदा. घाट सुरू झाला की भरलेली गाडी दुसऱ्या गिअरवर कशीबशी चढे आणि वळणावर पुढे ट्रक अडला की पहिल्यावर यावे लागे. २०१७ च्या हंगामाआधी मी कोल्हापुरातून एक ट्यूनिंग बॉक्स आणून बसवला. रेलवरच्या प्रेशर सेन्सरचे कपलर काढून मध्ये तो जोडायचा, एवढेच काम असते. रेलमधला दाब आहे त्यापेक्षा कमी असल्याचे तो ईसीयूला, म्हणजे इंजिन चालवणाऱ्या कॉम्प्युटरला, भासवतो, त्यामुळे ईसीयू दाब वाढवतो आणि इंजेक्टर तेवढाच वेळ उघडा राहूनही जास्त डिझेल सोडतो. पाच टप्प्यांपैकी दुसऱ्या टप्प्यावर ठेवून मी प्रत्येकी ६२ पेट्यांच्या सात फेऱ्या केल्या. जिथे पूर्वी दुसरा गिअर लागे, तिथे गाडी तिसऱ्यावर चढत होती, इंजिन तापल्याचे काट्यावर एकदाही दिसले नाही आणि धूर किंचितच वाढला होता.

आठव्या फेरीच्या दिवशी मी दुपारी झोपलो होतो आणि माल थोरल्या बंधूंनी भरून घेतला. ताडपत्री बांधलेली गाडी मला मिळाली. मागचे पाटे नेहमीपेक्षा बसलेले दिसले, पण उशीर झाल्यामुळे मी पेट्या मोजल्या नाहीत, आणि ही चूक माझी आहे. घाटाच्या मध्यावर, एका वळणावर थांबून पुन्हा उचलताना क्लच घसरू लागला, जळका वास आला आणि इंजिनाचे फेरे वाढूनही गाडी जागची हलेना. पहाटे दुसरी गाडी आली आणि माल हलवताना पेट्या मोजल्या, तेव्हा त्या ८५ निघाल्या. पाच डझनांची पेटी साधारण २० किलोची धरली, तर सव्वा टनाच्या गाडीत १,७०० किलो माल होता. बंधूंचे म्हणणे असे होते की एवढी ताकद वाढवली आहे, तर चार पेट्या जास्त नेल्याने काय बिघडते. बाजाराची वेळ चुकली, त्या दिवसाचा भाव गेला, क्लच प्लेट आणि प्रेशर प्लेट दोन्ही बदलाव्या लागल्या आणि सगळा दोष त्या डब्यावर, म्हणजे माझ्यावर आला.

ट्यूनरने इंजिनाची ओढ वाढते, पण क्लच, पाटे, ब्रेक आणि टायर कंपनीने दिले तेच राहतात. त्यामुळे वाढलेली ओढ त्याच मालासाठी वापरायची असते; तिच्या भरवशावर माल वाढवायचा नसतो. हे ज्यांना पाळायचे नसेल, त्यांनी ट्यूनर लावू नये, असे माझे स्पष्ट मत आहे.

मायलेजबद्दल दुकानदार जे सांगतात त्यावर विश्वास ठेवू नका आणि मीटरवरच्या आकड्यावर तर मुळीच ठेवू नका. ईसीयूला दाब कमी दाखवलेला असल्यामुळे डिझेलचा त्याचा हिशेबही कमी निघतो आणि मीटर खोटे समाधान देते. टाकी फुल करून पुढच्या फुलपर्यंत मोजावे. भरलेल्या गाडीत मला काहीही फरक मिळाला नाही.

आता तुमच्या गाडीबद्दल. तुमची गाडी बीएस-६ आहे, आणि माझा अनुभव बीएस-४ चा आहे. जास्त डिझेलाला पुरेशी हवा मिळाली नाही की काजळी होते. आमच्या गाडीत ती धुराड्यातून बाहेर पडायची, तुमच्या गाडीत ती डीपीएफमध्ये, म्हणजे धुरातली काजळी अडवणाऱ्या फिल्टरमध्ये, साठेल आणि तो फिल्टर महाग आहे. शिवाय हमरस्त्यावर ओव्हरटेकपुरता काही सेकंद पूर्ण ॲक्सिलरेटर दाबणे वेगळे आणि घाटात तो सलग पंधरा-वीस मिनिटे दाबलेला ठेवणे वेगळे. एक्झॉस्टचे तापमान त्या वेळी चढत जाते आणि टर्बोला, म्हणजे एक्झॉस्टच्या जोरावर फिरून इंजिनात जादा हवा ढकलणाऱ्या भागाला, ते सोसावे लागते. वॉरंटी नाकारली जाऊ शकते. मोटार वाहन कायद्याच्या कलम १८२-अ नुसार परवानगी नसलेल्या बदलाला प्रत्येकी ५,००० रुपये दंड किंवा सहा महिन्यांपर्यंत कैद होऊ शकते, हेही लक्षात ठेवा. जादा मालाला कलम १९४ खाली २०,००० रुपये आणि वरच्या प्रत्येक टनाला २,००० रुपये वेगळे.

म्हणून आधी इंटरकूलरचे (टर्बोची गरम हवा थंड करणाऱ्या जाळीचे) होज फुटले आहेत का, एअर फिल्टर आणि डिझेल फिल्टर तुंबले आहेत का, हे पाहून घ्या. ओढ पुष्कळदा तिथेच गेलेली असते. त्यानंतर भरलेली गाडी एकदा वजनकाट्यावर न्या.

माझा तो डबा पुढे तीन हंगाम त्याच गाडीवर, त्याच दुसऱ्या टप्प्यावर आणि माझ्या हाताने मोजलेल्या ६२ पेट्यांसह चालला. घाटातल्या त्या रात्रीनंतर बसवलेली क्लच प्लेट गाडी विकेपर्यंत बदलावी लागली नाही.